तिसरा अर्थ

३ फेब्रुवारी

प्रिय मावशी,

वाकून नमस्कार, पण लांबूनच. जवळ आले की तू पाठीत धपाटा घालतेस.

शब्दकोशाच्या कचेरीत मी अजून टिकून आहे. आईला फोनवर सगळं छान चाललंय असं सांगते, तुला खरं सांगते. माझी उमेदवारी एप्रिलअखेर संपते. तोवर एक नोंद सुरुवातीपासून शेवटपर्यंत स्वतःची स्वतः उभी करून दाखवायची, मग बाई ठरवणार ठेवायचं की घरी पाठवायचं. बाई म्हणजे आमच्या संपादक. त्या कधी ओरडत नाहीत. चष्मा काढून टेबलावर ठेवतात, तेवढ्यानेच माणसाच्या तोंडचं पाणी पळतं. आणि घरी पाठवलं तर बाबा दुकानाचा गल्ला पुसून तयारच आहेत. "शब्द गोळा करून कुणाचं भलं झालंय?" हे त्यांचं वाक्य मला तोंडपाठ आहे.

तर मला शब्द मिळालाय 'समशेर'. मी मनात म्हटलं, चला, सोपा आला. वाकडी तलवार, संपलं! पण इथे एक पद्धत आहे. ज्या नोंदीला चित्र लागतं, तिची व्याख्या चित्रकारकाकांना वाचून दाखवायची. कशाची व्याख्या आहे ते त्यांना सांगायचं नाही. काका फक्त ऐकतात आणि ऐकलं तेवढंच काढतात, पदरचं काही घालत नाहीत. चित्र बरोबर आलं तर व्याख्या पास. मी ऐटीत वाचलं, "लांब, वाकड्या पात्याचे, एका बाजूस धार असलेले हत्यार." काकांनी दोन मिनिटांत गवत कापायचा विळा काढून माझ्यासमोर ठेवला. चांगला लांबलचक. सगळी कचेरी हसली, काका सोडून. ते म्हणाले, "पोरी, तू जे बोललीस तेच काढलं." दुसऱ्या वेळी मी आणखी शब्द घातले, तर धनुष्य आलं.

तू इतकी वर्षं तलवारबाजी शिकवतेस. मला सांग, ही बया वाकडी कशासाठी असते? आणि धार नेमकी कुठे?

तुझी भिंगरी

९ फेब्रुवारी

भिंगरीस मावशीचा आशीर्वाद आणि एक टपली.

विळा! इतकी हसले की हॉलमधल्या मुलींनी मुखवटे काढून विचारलं काय झालं. सांगितल्यावर त्याही हसल्या. तेव्हा तुझी कीर्ती इथवर पोचलीय असं समज.

आधी कबुली देते. आमच्या खेळातली पाती बहुतेक सरळच असतात. वायर जोडलेली, पॉइंट लागला की दिवा लागतो आणि बझर वाजतो. खरी समशेर मीही संग्रहालयातच पाहिलीय, काचेला नाक लावून. पण बरोबर अर्धा तास पाहिलीय, रखवालदार येऊन "बाई, काच पुसावी लागते" म्हणेपर्यंत.

धार बाहेर, बाई, बाहेर! बाकाची जी बाजू फुगलेली, तिच्यावर. तुझ्या विळ्याची धार आतल्या बाजूला असते, कारण विळ्याला गवत स्वतःकडे ओढायचं असतं. समशेरीला काहीही जवळ ओढायचं नसतं. आता वाकडी का? घरात पाव आहे ना? त्यावर सुरी नुसती दाबून बघ. पाव चेपेल. तीच सुरी सरकवत ओढ, अलगद कापेल. घोड्यावरून जाणाऱ्याला थांबून सुरी सरकवायला वेळ कुठला? म्हणून सरकणं पात्यातच घालून ठेवलंय. वार लागतो, पातं आपोआप घसरत कापतं, आणि स्वार पुढे गेलेला असतो. सरळ पातं भोसकायला चांगलं, पण अडकतं. समशेर अडकत नाही. ज्या कुणा लोहाराच्या डोक्यात हे पहिल्यांदा आलं असेल, त्याचे पाय धरावेसे वाटतात मला. त्या काचेसमोर उभी होते तेव्हा मारामारीचा विचारही मनात आला नाही. एवढंच वाटलं की किती अक्कल आहे ह्या एका बाकात.

आमच्याकडे हा शब्द चालतो बरं का. ती डावखुरी मुलगी आठवते? मागच्या आठवड्यात स्पर्धेत पंचांनी तिला पॉइंट दिला, तर ही हात वर करून म्हणते, "मला नका देऊ, माझं पातं लागलंच नाही." त्या एका पॉइंटवर सामना गेला. बसमध्ये परत येताना मागच्या सीटवरून कुणीतरी म्हणालं, "ही पोरगी समशेर आहे, समशेर!" मी वळून बघितलं नाही. शिकवणाऱ्याने डोळे पुसताना दिसू नये.

जेवतेस ना वेळेवर?

तुझी मावशी

२० फेब्रुवारी

प्रिय मावशी,

पास! काकांनी ऐकलं, पेन्सिलला टोक केलं आणि एका दमात काढली. अरुंद, टोकाकडे निमुळती, मागे झुकलेली. धारेच्या बाजूला त्यांनी एकच बारीक रेघ ओढली, आणि ती बाहेरच्या बाजूलाच होती. मी टाळ्या वाजवल्या. काकांनी वर न बघता विचारलं, "बरोबर आली?" त्यांनी आयुष्यात खरी समशेर पाहिलेली नाही! नुसत्या शब्दांवरून इतकं नेमकं काढणाऱ्या माणसासमोर बसायचे पैसे द्यायला हवेत मी, आणि मला उलटा पगार मिळतो.

आता गंमत ऐक. अर्थ जमवायला मी जुनी पुस्तकं, पोवाड्यांच्या वह्या, वर्तमानपत्रं उपसत बसले होते. 'तलवार' सगळीकडे सापडते. डोक्यावर टांगती तलवार असते, भांडण मिटलं की तलवार म्यान होते, मिशासुद्धा तलवारकट असतात. समशेर मात्र कुणाच्या डोक्यावर टांगलेली नाही मिळाली. ती गाजते. ती उपसली जाते ती कुणाच्या तरी बाजूने. ती किताबात येते, 'समशेरबहाद्दर'. म्हणजे धाक घालायला तलवार आणि कौतुक करायला समशेर! शब्द फारसीतून आलाय. शेर म्हणजे सिंह आणि आधीचा 'सम' म्हणजे त्याचं नख, किंवा शेपूट, असं लोक सांगतात. बाईंनी त्यावर "ऐकीव, विद्वानांत एकमत नाही" असा शेरा मारायला लावला.

मी बाईंना तुझी बसमधली गोष्ट सांगितली. त्यांनी चष्मा काढला. मला वाटलं संपलं, पण त्या म्हणाल्या, "माणसाला समशेर म्हणतात? हा अर्थ कुठल्याच कोशात नाही. हस्तलिखित छापायला जायच्या आत सिद्ध कर." कचेरीचा नियम असा, की नव्या अर्थाला तीन दाखले लागतात. तिघं एकमेकांच्या ओळखीचे नकोत, आणि शब्द त्यांच्या तोंडून आपणहून आलेला हवा. "जुन्या कोशांवर पॉलिश मारायला मला माणूस नकोय," असंही म्हणाल्या. मावशी, त्यांनी सरळ सांगितलं नाही, पण हत्यार आणि किताब हे दोन अर्थ आहेतच, हा तिसरा उभा राहिला तर माझी नोकरी उभी राहिली.

तुझा एक दाखला झाला. तू दिवसभर लोकांत असतेस. कान उघडे ठेवशील?

तुझी भिंगरी

२७ फेब्रुवारी

भिंगरे,

कान उघडे ठेव म्हणालीस ना? हा घे गठ्ठा! तुमच्या नमुन्याप्रमाणे एका चिठ्ठीवर एक वाक्य, कोण बोललं, कुठे, कधी, सगळं लिहिलंय. हात दुखायला आला.

अग, शब्द तर सगळीकडे आहे, आपलंच लक्ष नसतं. खालच्या मजल्यावरचा शिंपी आपल्या बायकोला म्हणाला, "तू अगदी समशेर आहेस." दाताच्या डॉक्टरीण मला म्हणाल्या, "दाढ काढताना हूं की चूं केलं नाहीत, अगदी समशेर आहात." वाचनालयातले गृहस्थ, पलीकडच्या जिन्यातल्या परिचारिका, सलूनवाला, भाजीवाली, सगळे! तिघं मागितले होतेस, मी चाळीशी गाठली. आता तुझ्या बाईंनी चष्मा काढून खुशाल पुसत बसावं.

तुझ्या बाबांना सांग गल्ल्यावर दुसरं कुणीतरी बसवा म्हणून.

घाईत,
मावशी

८ मार्च

मावशी,

हे पत्र तीनदा लिहून फाडलं.

गठ्ठा आला त्या दिवशी मी वरच्या दहाबारा चिठ्ठ्या वाचल्या आणि धावत जाऊन सगळा गठ्ठा बाईंच्या टेबलावर ठेवला. त्यांनी बैठकीत माझं नाव घेतलं. "एका उमेदवाराने जिवंत अर्थ शोधून काढलाय," असं म्हणाल्या. काकांनी आपला चहा मला दिला. चार दिवस मी हवेत होते.

काल नक्कल करून ठेवायला म्हणून गठ्ठा परत घेतला आणि पहिल्यांदा शेवटपर्यंत वाचला. गठ्ठ्यातला प्रत्येक माणूस 'अगदी समशेर' म्हणतो. नुसतं 'समशेर' कुणीच म्हणत नाही. तुला आठवतंय, 'अगदी' हा कुणाचा शब्द आहे? 'अगदी गुणाची', 'अगदी गाढव', 'अगदी उशीर केलास'. मी लहानपणापासून ऐकतेय.

तरी मी मनाला समजावत होते. मग भाजीवालीची चिठ्ठी हाती आली. "हा कोबी अगदी समशेर आहे ताई, आजच आलाय."

कोबी, मावशी!

आधी मी पोट धरून हसले. मग सगळा गठ्ठा पुन्हा पहिल्यापासून वाचला. खरं सांग. तू त्यांना बोलायला शिकवलंस?

भिंगरी

१२ मार्च

भिंगरे,

पितळ कोबीने उघडं पाडलं! त्या बाईला मी दोनदा समजावून सांगितलं होतं, माणसाला म्हणायचं, माणसाला. तिला वाटलं ताज्या मालाला म्हणतात.

हो, मी सांगितलं सगळ्यांना. तुझं नाव सांगितलं नाही, एवढंच म्हटलं की भाचीच्या नोकरीचा प्रश्न आहे, हा शब्द जरा वापरा. आणि काय सांगू, सगळे तयार झाले! शिंप्याने तर बायकोला रोज म्हणायला सुरुवात केली. तिचा चेहरा असा खुलला म्हणून सांगू! वीस वर्षांत त्याने तिला कशालाही शाबास म्हटलं नव्हतं.

आता माझं ऐक. गप्प राहा. बसमधला दाखला खरा आहे की नाही? अर्थ खरा आहे की नाही? मग त्याला चिठ्ठ्यांनी थोडं पुढे ढकललं तर कुणाचं काय गेलं? कोबीची तेवढी काढून टाक. बाकीच्या चिठ्ठ्यांवरून कुणाला काय कळणार आहे? तुझे बाबा मे महिन्यात तुला न्यायला येणार असं तुझी आई म्हणत होती. त्या दुकानात तू बसलीस की वर्षभरात कोमेजशील, हे मला दिसतं. मला ते बघवणार नाही. माझ्यासाठी तरी गप्प राहा.

मावशी

२ एप्रिल

प्रिय मावशी,

पत्राला उशीर झाला. रागावले म्हणून नाही, आधीच सांगून टाकते.

तुझं पत्र खिशात घालून मी आठवडाभर फिरले. खूप पटत होतं. मग एक दिवस कुणीतरी फोनवर 'हताश' शब्दाचा अर्थ विचारत होतं आणि बाई कोश उघडून वाचून दाखवत होत्या. पलीकडचा माणूस जे ऐकेल ते खरं मानणार होता. त्याच्याकडे तपासायला दुसरं काही नव्हतं. माझं तिथेच ठरलं.

बाईंच्या खोलीत जाऊन सांगितलं की चिठ्ठ्या बनावट आहेत, बसमधला एक दाखला सोडून. त्यांनी चष्मा काढला, परत घातला, आणि तिसऱ्या अर्थावर उभी रेघ मारली. एक दाखला पुरत नाही. एवढंच. "जा" सुद्धा म्हणाल्या नाहीत, मी आपली उठून आले. नोंद दोन अर्थांवर छापायला गेली. चित्र मात्र सुंदर आलंय, त्याची नक्कल सोबत पाठवतेय.

महिनाअखेरीस निकाल. मी पुस्तकं खोक्यात भरायला घेतलीयत.

मावशी, तू चुकलीस. पण मी रात्री अंथरुणावर पडते तेव्हा माझ्या डोळ्यांसमोर तू येतेस, सलूनमध्ये उभी राहून अनोळखी माणसाला भाचीसाठी एक शब्द बोल म्हणून गळ घालणारी. माझ्यासाठी एवढं कुणीही केलेलं नाही. नोकरी गेली तरी हे माझ्याजवळ राहील. तू स्वतःला बोल लावून घेऊ नकोस.

तुझी भिंगरी

७ एप्रिल

भिंगरी,

तुझं पत्र हॉलमध्ये वाचलं. मुलींना म्हटलं आज तुम्ही तुमचा सराव करा, आणि कपड्यांच्या खोलीत जाऊन बसले. चित्र पाहिलं. इतकं रडले की पुन्हा मुखवटा घालूनच बाहेर आले.

मी मुलींना काय शिकवते? लागलं नसेल तर हात वर करून सांगा. आणि तुला लिहिलं गप्प राहा. तुझी मावशी म्हणून लिहिलं, पण वाईटच लिहिलं. मला माफ कर.

काल दारोदार फिरून सगळ्यांना सांगून आले की झालं, आता बोलू नका. डॉक्टरीणबाई हसल्या. शिंपी म्हणाला, "मी नाही थांबवणार." का म्हणून विचारलं तर म्हणाला, "बायकोला दुसरं काय म्हणू? इतका नेमका शब्द माझ्याकडे नाही." हे तुला दाखला म्हणून पाठवत नाहीय. कानाला खडा लावलाय मी.

बाबा न्यायला आले तर मी त्यांच्याशी बोलेन. मी आणखीही एक पत्र टाकलंय, ते कुणाला ते विचारू नकोस.

मावशी

२६ एप्रिल

मान्यवर महोदया,

आपलं पत्र मिळालं. चिठ्ठ्यांचा उद्योग आपला होता आणि भाचीचा त्यात काही दोष नाही, असं आपण चार पानं भरून लिहिलंत. त्यातली तीन पानं क्षमेची होती, आणि ती वाचताना मला आपल्या भाचीचा थोडा हेवाही वाटला. माझ्यासाठी दोष अंगावर घेणारं माणूस मला तरुणपणी मिळालं नाही.

एक गोष्ट आपल्याला ठाऊक नसावी म्हणून कळवते. आपली भाची माझ्या खोलीत आली तेव्हा तिने आपलं नाव घेतलं नाही. "चिठ्ठ्या मी तपासल्या नाहीत, जबाबदारी माझी," एवढंच ती म्हणाली. कुणी लिहिल्या, असं मी दोनदा विचारलं. दोन्ही वेळा तिने तेच उत्तर दिलं. आपलं पत्र येईपर्यंत मला वाटत होतं की त्या तिनेच लिहिल्या असाव्यात. तरीही मी तिला घरी पाठवायला धजत नव्हते, हे मी स्वतःशीच कबूल करत नव्हते.

काल मंडळाची बैठक झाली. कोषाध्यक्षांनी विचारलं, कोशाच्या कामात बनावट दाखले आणणाऱ्या मुलीला कायम का करायचं? मी हिशेबी उत्तर तयार केलं होतं. तिच्या व्याख्या, तिचं वाचन, तिची चिकाटी. त्यातलं एक अक्षर तोंडातून निघालं नाही. मी म्हणाले, "त्या चिठ्ठ्या कुणी पकडल्या? मी नाही पकडल्या. मी त्या मिरवल्या. तिने नोकरी पणाला लावून माझ्या टेबलावर परत आणून ठेवल्या. ती पोरगी समशेर आहे."

मग आमच्या चित्रकारांनी एक कोरी चिठ्ठी ओढली, त्यावर माझं वाक्य, माझं नाव आणि तारीख लिहिली आणि टेबलावरून माझ्याकडे सरकवली. बत्तीस वर्षांत त्या गृहस्थांनी बैठकीत पहिल्यांदाच काही केलं.

ती सोमवारपासून कायम होईल. पत्र तिच्या हातात मीच देणार आहे, तेव्हा आपण आधी कळवू नये ही विनंती.

चिठ्ठी मात्र मी स्वीकारली नाही. मी आपला गठ्ठा चाळलेला होता, त्यामुळे शब्द माझ्या तोंडी आपणहून आला असं म्हणता येत नाही, आणि नियम माझाच आहे. चिठ्ठी फाडली. कोषाध्यक्षांनी विचारलं, मग ते वाक्य इतिवृत्तातून काढायचं का? मी नाही म्हटलं.

आपली,
संपादक